अजूनबाई

तिचं खरं नाव इलोना. पण कुसगावात तिला त्या नावानं कोणी हाक मारल्याचं मला आठवत नाही. चहा संपला की ‘अजून’, भाजी आवडली की ‘अजून’, आणि शूटिंगमध्ये तर समोरचा रडकुंडीला येईपर्यंत ‘अजून एकदा’. हा शब्द तिला आधी कोणी शिकवला अल्ला जाणे, पण आठवड्याभरात ती गावाची अजूनबाई झाली.

हंगेरीहून पुण्याला सिनेमा शिकायला आली आणि इथलीच होऊन बसली. आमच्या किराणा दुकानाच्या वरच्या खोलीत भाड्यानं राहायची. मी एकदा सरळच विचारलं, बाई, तुमच्या देशात सिनेमे निघत नाहीत का? तर म्हणाली, “तिथं माणसं गप्प बसतात, रशीदभाई. इथं कोणी गप्प बसतच नाही.”

पहिला सिनेमा मराठीतच करायचा, हा तिचा हट्ट. तो जमला नाही तर गाशा गुंडाळून परत जावं लागणार, हे तिला ठाऊक होतं आणि आम्हालाही. सिनेमात भातलावणी होती. ती शेजारच्या तारामावशीच्या खाचरात करायची ठरली. मावशी नेमकी तापानं घरी पडलेली. चेहरे दिसावेत म्हणून अजूनबाईनं बायांना रोपं लावत कॅमेऱ्याकडं चालत यायला सांगितलं. बायांनी एकमेकींकडं बघितलं आणि निमूट ऐकलं. पाहुणीला चूक कशी दाखवायची? मी तिच्यावर छत्री धरून उभा होतो, आणि मीही तोंड उघडलं नाही. त्याची मला आजही लाज वाटते.

महिन्याभरानं तिनं आमच्या भिंतीवर चादर लावून तो प्रसंग गावाला दाखवला. बाया एकमेकींना कोपरानं ढोसायला लागल्या. शेवटी तारामावशी म्हणाली, “बाई, लावणी मागं सरत करत्यात. आमी काय लावल्यालं तुडवत जातो व्हय?”

अजूनबाईचा चेहरा पांढराफटक पडला. प्रसंग पुन्हा करायचा तर वर्षभर थांबणं आलं. निर्माता म्हणाला, शहरात कोणाला कळतंय? शिवाय मागं सरल्या तर बाया कॅमेऱ्यापासून लांबच जाणार, लोकांनी बघायचं काय? ती एवढंच म्हणाली, “मावशींना कळतं.” निर्मात्यानं अंग काढून घेतलं. तिनं गावातल्या लग्नांची शूटिंगं करून पैसे साठवत वर्ष काढलं. जिन्यावर तिच्या बॅगेचा आवाज आला की ही निघाली की काय, म्हणून मी गल्ला सोडून बाहेर यायचो.

पुढच्या आषाढात मावशी स्वतः ओळीत उभी राहिली. बाया वाकून मागं मागं सरत गेल्या आणि कॅमेऱ्यापुढचं खाचर हिरवं होत गेलं. आम्ही सगळे ‘अजून एकदा’ची वाट बघत होतो. तिनं कॅमेरा बंद केला. रडत होती बापडी.

सिनेमा लोणावळ्यात लागला त्या दिवशी ती थेटराच्या दारात मावशीची वाट बघत उभी होती. मावशीनं तिचा हात हातात घेतला आणि म्हणाली, “म्होरल्या साली लावणीला ये. क्यामेरा आणू नगंस.”

त्या सिनेमामुळं तिला मुंबईची कामं मिळाली, मागोमाग आणखी दोन मराठी सिनेमे झाले. पण लावणी तिनं एकदाही चुकवली नाही. तिची ओळ दर साली वाकडी. मावशी बांधावरून तिच्यावर ओरडायची, शेवटी ‘जाऊ दे, पोटात काय सरळच जाणार हाय’ म्हणून भाकरीला बसवायची.

यंदा होळीच्या सुमारास मावशी गेली. लावणीला अजूनबाई शूटिंग थांबवून आली आणि सिनेमात मावशी जिथं उभी होती त्या जागी उभी राहिली. ओळ वाकडीच आली. ती पाय धुवायला गेली तशी मावशीची सून तिची रोपं उपटून सरळ लावायला वाकली.

“राहू दे गं,” मी बांधावरून म्हणालो. “मावशीनं कधी उपटली नाहीत.”