बुद्धाच्या डोक्यावर निळा विग

माझ्या घरून आणलेल्या बुद्धाच्या डोक्यावर मिहिरनं निळा विग चढवला. टोकदार केसांचा. जपानी ॲनिमेतल्या पोरांचे असतात तसे केस. दोन पावलं मागं सरून त्यानं बघितलं, विग जरा तिरका केला आणि म्हणाला, "आता परफेक्ट."

कॉन्फरन्स रूममधले सगळे हसले. टीममधल्या शलाकानं फोटो काढून ऑफिसच्या ग्रुपवर टाकलासुद्धा.

मी म्हणाले, "तो काढ. आम्ही रोज वंदना करतो त्या मूर्तीपुढं."

"चिल गं," मिहिर म्हणाला. "जपानी लोक बुद्धाचं कार्टूनसुद्धा काढतात. आणि ते तर ओरिजिनल बौद्ध. तुमचं काय, सर्टिफिकेटपुरतं."

पुन्हा हसले. या वेळी जरा हळू, पण हसले. मी खुर्ची ओढून बसले.

हिंजवडीच्या त्या कंपनीत मी टेस्टिंगला, मिहिर आमचा टीम लीड. शुक्रवारी काम संपलं की तिथं ॲनिमे क्लब भरायचा, जपानी ॲनिमेशनपट बघायचा. क्लब मिहिरनं काढलेला. खरं कुठलं आणि नकली कुठलं, हे ठरवायचा मक्ताही त्यानंच घेतलेला. जपानी आवाजातच बघायचं आणि खाली येणारी इंग्रजी वाक्यं वाचायची, हा नियम. लहानपणी मी हे सगळं टीव्हीवर हिंदीत बघायचे, असं एकदा सहज बोलून गेले. तो म्हणाला, "डब बघणारे फॅन नसतात. ते कार्टून बघणारे असतात." तेव्हापासून क्लबात माझं नाव 'हिंदी डब' पडलं. कॉफी मशीनपाशीसुद्धा तेच.

दापोडीत आमची खोली रुळाला लागून आहे. गाडी आली की टीव्हीचा आवाज बुडून जायचा, मग हिंदी काय आणि जपानी काय. मी चेहऱ्यांवरून गोष्ट ओळखायला शिकले. बुबुळ हललं, ओठ थरथरला, कपाळावर घामाचा थेंब आला. गाडी निघून जाईपर्यंत मला कळलेलं असायचं की कोण कुणाला फसवतंय. शेजारच्या पोरी विचारायच्या, काय झालं गं, आणि मी सांगायचे. तेव्हा मला कुणी खरी-खोटी ठरवलं नव्हतं.

त्या शुक्रवारी मोठा कार्यक्रम होता. बाकीच्या टीमही येणार होत्या. सिनेमा जपानमधल्या एका बुद्धविहाराचा, तिथल्या म्हाताऱ्या भिक्खूचा. मिहिरला वातावरण ऑथेंटिक पाहिजे होतं. मला म्हणाला, "तुमच्यात घरोघरी मूर्ती असते ना? आण की."

माझ्या घरातल्या वस्तूची या लोकांना पहिल्यांदा गरज पडली होती. मी हुरळून गेले. हुरळली मेंढी लागली लांडग्याच्या पाठी, असं माझी आई म्हणते, ते उगाच नाही.

पप्पांची उमेदीची सगळी वर्षं चिंचवडला कारखान्याच्या प्रेसशॉपमध्ये पत्रे दाबण्यात गेली. दापोडीची खोली झाली तेव्हा भांड्यांच्या आधी त्यांनी ती मूर्ती आणली होती. पांढरी, हातभर उंच. मी मागितली तर त्यांनी विचारलं, "जपानी पिक्चर हाय? त्यात आपले बुद्ध हायेत?"

"हो पप्पा."

"मग ने की. पर मांडीवर घिऊन बस, खाली ठिवू नको. आन मांडल्यावर फोटो पाठव."

आईनं धुतलेल्या पांढऱ्या साडीत मूर्ती गुंडाळून दिली. हिंजवडीच्या ट्रॅफिकमध्ये कॅब अडकली होती आणि मी मूर्ती मांडीवर धरून बसले होते. मला अभिमान वाटत होता. हे लिहिताना तोच अभिमान सगळ्यात जास्त बोचतो.

तर सिनेमा सुरू झाला. मूर्ती पडद्याखालच्या टेबलावर, विगसकट. शेजारी चिप्सचे वाडगे.

गोष्टीत एक लहान पोरगी होती. तिचा बाप मेलेल्या जनावरांची कातडी काढायचा, म्हणून गाव तिला विहाराच्या पायरीवर चढू देत नव्हतं. पाऊल ठेवलं की दगड मारायचे. तो म्हातारा भिक्खू खाली उतरतो, तिचा हात धरतो आणि तिला आत नेतो. पोरगी आत येऊन बुद्धाकडं नुसती बघत राहते.

रूममध्ये नाकं ओढल्याचे आवाज यायला लागले. शलाका रुमालात तोंड घालून रडत होती. माझ्या शेजारी मिहिर बसलेला. त्याच्या गालांवरून पाणी वाहत होतं. ते न पुसताच म्हणाला, "काय ऑथेंटिक आहे राव."

त्याचं रडणं खोटं नव्हतं. चेहरे मला वाचता येतात. तो खरंच रडत होता, आणि मला तेच सहन होईना. माझे आजोबा गावात मेलेली जनावरं ओढायचे. त्यांनाही देवळाची पायरी नव्हती. त्यांच्यासाठी गावात कुणी डोळे ओले केले नव्हते. जपानी रंगात काढलेल्या पोरीसाठी मात्र इथं सगळे रडत होते.

मी उठले. पडद्यापुढं गेले. माझी सावली त्या पोरीच्या तोंडावर पडली.

"ए, बस ना खाली," मागून कुणीतरी ओरडलं.

"सीन चाललाय," मिहिर म्हणाला.

"हो. मला दिसतोय."

विग ओढून काढला आणि चिप्सच्या वाडग्यात टाकला. मूर्ती छातीशी धरली. आवाज चढवला नाही.

"त्या पोरीसाठी रडतोयस ना? ती दापोडीत राहते. आत्तापर्यंत तुझ्या शेजारच्या खुर्चीवर बसली होती."

सिनेमा कुणी थांबवला नाही. मी दार उघडून बाहेर पडले.

सोमवारी एचआरच्या मॅडमनी बोलावलं. मीच कार्यक्रमाचा विचका केला म्हणे. "त्यानं गमतीत केलं. तू ओव्हररिॲक्ट केलंस. सॉरी म्हण आणि विषय संपव. तुझं ॲप्रेझल त्याच्याच हातात आहे, विसरू नकोस."

"नाही म्हणणार," मी म्हणाले.

घरी पप्पांना सगळं सांगितलं आणि शलाकानं काढलेला विगचा फोटो दाखवला. त्यांनीच मागितला होता ना. त्यांनी तो बोटांनी मोठा करून बघितला. मग फोन परत दिला, मूर्ती उचलून पुसली, परत जागेवर ठेवली आणि माझ्याकडं न बघता म्हणाले, "म्हनून टाक सॉरी, पोरी. नोकरी हाय. आमी काय कमी ऐकून घेतलं?"

"म्हणूनच नाही म्हणणार, पप्पा."

मला क्लबच्या ग्रुपमधून काढलंय. जेवायला मी एकटी बसते. ॲप्रेझलमध्ये मिहिरनं लिहिलंय की मला टीममध्ये मिसळता येत नाही. लिहू दे. ॲनिमे त्याच्या बापाचं नाही आणि ती रूम कंपनीची आहे. दर शुक्रवारी मी जाते, पहिल्या रांगेत मधोमध बसते. दोन्ही बाजूंच्या खुर्च्या रिकाम्या राहतात.

आणि पडद्यावर कुणी गरीब मार खायला लागला, मागं नाकं ओढल्याचे आवाज यायला लागले, की मी पडद्याकडं बघत नाही. खुर्ची वळवते आणि यांच्या रडक्या तोंडांकडं बघत बसते. ते डोळे पुसतात, मान खाली घालतात, मोबाईल काढतात. सिनेमा संपेपर्यंत मी नजर हलवत नाही. माझ्यासमोर यांना फुकटचं रडू देणार नाही.