हराळीची गाठ

रविवारी चारला येतो म्हणालो होतो आणि गेलो नाही. सोमवारी सकाळी शिरोलीच्या कारखान्यात असताना कांबळे सरांच्या पुतणीचा, सुजाताचा फोन आला. "काका, आप्पा गेले वो. पहाटं." भट्टीच्या आवाजात मला धड ऐकू आलं नाही. त्या बिचारीला मी ते दोनदा सांगायला लावलं... त्याला आता दीड महिना होईल.

सर कॉलेजात इतिहास शिकवायचे, पण त्यांचा जीव अडकला होता भलत्याच विषयात. त्याला ते 'काळाची जादू' म्हणत. हे ऐकलं की समोरचा माणूस भविष्य बघायला तळहात पुढे करायचा आणि सर त्याची मूठ मिटून हात परत द्यायचे. दिवस लवकर मावळू नये, गेलेलं माणूस सांजेच्या आत घरी यावं, यासाठी आपल्याकडची माणसं काय काय करत, ते तीस वर्षं गावोगाव हिंडून त्यांनी वह्यांत उतरवलं. आजऱ्याकडे कुठे भाताची लावण उरकेपर्यंत बांधावर मडकं पालथं घालतात, एवढं विचारायला हा माणूस दोन एसट्या बदलून जायचा. त्यांचा स्वतःचा यावर काडीचा विश्वास नव्हता. बौद्ध घर, मुहूर्त आणि शकुन वडिलांनीच उंबऱ्याबाहेर ठेवलेले. त्यामुळे भावकी चिडायची, "बा नं सोडलं ते तू वहीत भरून ठेवतोस व्हय?" आणि ज्यांच्याकडे विचारायला जावं, ती घरं त्यांना पडवीच्या आत घेत नसत. लग्न केलं नव्हतं. इकडचेही नाहीत, तिकडचेही नाहीत, असे ते राहिले.

आमच्या मुरगूडच्या घरीही ते असेच आले. आईने त्यांना चहा पडवीतच दिला आणि मी, शिकलासवरलेला मुलगा, गप्प बसलो. त्याची लाज मला आजही वाटते. सरांनी चहा संपवला आणि वही उघडली. आईने सांगितलं, बाजाराला चालत निघालेल्या माणसाने बांधावरच्या हराळीच्या गवताची काडी उपटून मावळतीकडे तोंड करून गाठ मारायची, दिवस थांबतो. घरी पोचलं की गाठ सोडायची. सरांनी विचारलं, "आणि जो घरात वाट बघत बसलाय, त्यानं काय करायचं?"

आई म्हणाली, "त्यानं खिडकीला बांधायची. पर ती येणाऱ्यानं सोडायची, मास्तर. बांधणाऱ्यानं न्हाय."

"आणि न्हाय सोडली तर?"

"तर त्यो बसतोय की वाट बघत."

आईने खिडकीच्या गजाला गाठ मारून दाखवली. निघताना सर मला म्हणाले, "पाटील, तुमी आत्ता कोल्हापुरास्नं आलाय न्हवं? सोडा ती." मी हसलो. म्हटलं, तुमचा तर विश्वास नाही. "माझा न्हाय. म्हातारीचा हाय की," म्हणाले. त्या दिवसापासून आमचं जमलं.

मग दर रविवारी चार वाजता त्यांच्या ब्लॉकवर चहा ठरलेला. ते वहीतलं वाचायचे, मी अर्धा वेळ पेंगायचो आणि जागा झालो की दाद द्यायचो. पुस्तक काही निघालं नाही. एका प्रकाशकाने विचारलं, हे शास्त्र की अंधश्रद्धा, आधी ठरवा. सरांनी बाड उचललं आणि घरी आले. शेवटच्या वर्षात छातीच्या दुखण्यामुळे त्यांना जिना उतरवेना. येणारं-जाणारं म्हणजे डबा आणणारी सुजाता आणि रविवारचा मी.

त्या रविवारी मी आजऱ्याला मेव्हण्याच्या मुलीच्या लग्नात होतो. मुहूर्त बारा पस्तीसचा, अक्षता पडल्या पावणेतीनला. सर मला नेहमी चिडवायचे, "तुमच्यात दिवस थांबवायला हराळी कशाला? नवरीचा मामा पुरेसा हाय की." ते आठवून मी मांडवात एकटाच हसलो. मग पंगत, मग पाहुणे. साडेचारला घड्याळ बघितलं. फोनही केला नाही. म्हटलं पुढच्या रविवारी जाऊ, ते कुठं जाणार आहेत?... असंच म्हणालो होतो, खोटं कशाला लिहू.

पंधरा दिवसांनी सुजाताबरोबर वह्या आवरायला गेलो. मावळतीकडच्या खिडकीपाशी त्यांची खुर्ची, समोर माझी. खिडकीच्या गजाला हराळीची वाळून पिवळी पडलेली गाठ होती. सुजाता म्हणाली, "त्या रविवारी मला खालनं हराळी आणाय लावली. म्हटलं, आप्पा, कसली पूजा काढलीय? तर म्हणाले, पाटील यायचे हायत."

आयुष्यभर दुसऱ्यांच्या गाठी वहीत उतरवणाऱ्या माणसाने एकच गाठ स्वतः बांधली, तीही माझ्यासाठी. मी हात पुढे केला आणि मागे घेतला.

ब्लॉक अजून तसाच आहे. किल्ली माझ्याकडे असते. रविवारी चारला जातो, माझ्या खुर्चीत बसतो. माणसाला इतकं ताटकळत ठेवू नये, हे मला कळतं. पण ती गाठ सोडली तर मग इथे माझी वाट बघणारं कोण उरलं? परवा सुजाता झाडू घेऊन आली होती. म्हणाली, "काका, झाडताना तुटंल ती. सोडा की एकदा."

"बघू," मी म्हटलं, "पुढच्या रविवारी."