श्रद्धांजलीखालची गिरणी

मी जे करते त्याला संगीत म्हणायचं की नाही, हा वाद मी कधीच सोडून दिलाय. ज्याला म्हणायचं नाही त्याने म्हणू नये, आपला रस्ता धरावा. पण "सुरुवात किती चांगली होती हो तुमची, मग असं काय झालं?" असं कुणी कीव करत विचारलं की माझं टाळकं सटकतं. झालं काही नाही. मला ऐकू यायला लागलं, एवढंच.

सुरुवात म्हणजे वडिलांच्या भजनी मंडळातली पेटी. खालापूरकडच्या आमच्या गावात पोरीने पेटीला बसलेलं चालायचं, कारण देवाचं काम. पुढे मी हळदीत बेंजो वाजवायला लागले, तेव्हा मावशीने आईला तोंडावर विचारलं, "हिचं लगीन करायचं हाय का नाय?" बेंजोपुढे नाचणाऱ्या बाया सगळ्यांनी पाहिल्या होत्या, वाजवणारी कुणी पाहिली नव्हती. मी टेंपोत स्पीकरच्या खोक्यांवर बसून सगळा तालुका पालथा घातला. ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवला, शाळांच्या गॅदरिंगची गाणी बसवली, निवडणुकीत प्रचाराच्या रिक्षांना चाली करून दिल्या. दोन्ही पक्षांना एकच चाल दिली होती, कुणाच्या लक्षातही आलं नाही.

मग एकदा भिवपुरीच्या क्वार्टर्समध्ये मैत्रिणीकडे गेले असताना वीजघराकडे उतरणाऱ्या मोठ्या पाइपाला मी कान लावला. पाणी गातं वगैरे मी म्हणणार नाही. पाणी गुरगुरतं. पण त्या गुरगुरीखाली एक सूर धरून ठेवलेला असतो आणि तो माझ्या पेटीत नव्हता. मी तो मोबाइलवर घेतला, घरी कॉम्प्युटरवर लांबवला आणि त्यावर बेंजोची एकच तार छेडत राहिले. कर्जतला घाट चढायला गाडीच्या मागून इंजिनं जोडतात, तो दणकाही घेतला. मुंबईत कुणाच्या तरी गच्चीवर हे वाजवलं तेव्हा लोक डोळे मिटून बसले. आमच्या ओटीवर वाजवलं तेव्हा चुलते म्हणाले, "बिघाडलंय काय तरी, बंद कर." खरं सांगते, मला चुलत्यांचं जास्त पटलं. निदान ते ऐकत तरी होते.

पोटासाठी होतं गावचं केबल चॅनेल. कर्जतमध्ये मोबाइलच्या दुकानावर एक खोली, तिच्यात हिरवा पडदा, सोफा आणि प्लॅस्टिकची फुलं. तिथून मी रोज संध्याकाळी फर्माईशचा लाइव्ह कार्यक्रम करायचे. लोक फोन करायचे, मी हसून बोलायचे, गाणं लावायचे. केबलच्या शेठशी माझा एकच करार होता: कार्यक्रमाच्या शेवटी माझा स्वतःचा एक छोटा तुकडा वाजणार. शेठ म्हणायचे, "वाजव बाई, तेवढ्यात लोक जेवायला वाढून घेतात." घेऊ देत. कर्जत-खालापुरात माझं काम घरोघर पोचायला तेवढी एकच वाट होती, आणि ती मी हट्टाने धरून ठेवली होती.

वाढदिवसाच्या शुभेच्छा आणि श्रद्धांजलीच्या जाहिरातीही मीच बनवायचे. श्रद्धांजलीचा साचा ठरलेला. हार घातलेला फोटो, दहाव्या-तेराव्याची तारीख आणि खाली रडकी बासरी. गेलेला माणूस मास्तर असो, ड्रायव्हर असो नाहीतर अख्ख्या गावाला शिव्या घालून गेलेली म्हातारी असो, बासरी तीच. मला त्या बासरीचा वीट आला होता.

कर्जतहून कोंडाण्याकडे जाताना एक भाताची गिरणी होती. तिचे मालक म्हणजे आमचे गिरणीवाले काका. गिरणीला ना पाटी, ना वेळ. लाइट असली आणि काकांची तब्येत बरी असली की गिरणी चालू. वरच्या वाड्यांपासून खालच्या गावापर्यंत सगळे कानावर चालायचे. पट्टा फटफटायला लागला की बाया भाताची गोणी डोक्यावर घेऊन निघायच्या. पट्टा थांबला की समजायचं, आज नाही. मी तो आवाज टिपायला जायचे तेव्हा काकी चहा द्यायच्या आणि काका माझी चेष्टा करायचे. "पोरी, ह्याला गाणं म्हंत्यात व्हय? मंग आमी गेली चाळीस वर्सं मैफलच करतोय म्हन की." मी म्हणायचे, करताच आहात. ते हसत हसत कोंडा झटकायचे.

काका आजारी पडले, दवाखान्यात बरेच दिवस राहिले आणि गेले. जाहिरात माझ्याकडे आली. मी फोटोला हार घातला, तारखा टाकल्या आणि बासरीवर हात गेला तेव्हा मला त्यांचं हसणं आठवलं. बासरी काढून मी गिरणी लावली. शेठने बघितलं नाही, मी विचारलंही नाही. विचारून काय मिळणार होतं ते मला माहीत होतं.

जाहिरात दिवसभर मधून मधून लागत राहिली. आमच्याकडे टीव्ही बघतात कमी आणि ऐकतात जास्त. आवाज मोठा करून बाई आत भाकरी थापत असते. काका दवाखान्यात गेल्यापासून गिरणी बंद, घरोघर भाताच्या गोण्या पडून होत्या. जिने तिने ऐकलं ते एवढंच, की गिरणी चालू झाली. एकीने दुसरीला हाक मारली. वाडीवरून बाया गोण्या घेऊन उतरल्या, खालच्या गावातून कुणी मोटारसायकलवर पोतं आडवं टाकून आला. गिरणीला कुलूप. दाराशी ही गर्दी, आणि मागच्या घरात सुतकातली माणसं.

त्यातून बोभाटा असा झाला की बाप जाऊन चार दिवस झाले नाहीत तर पोरांनी सुतकात गिरणी चालू केली. काकांचा थोरला मुलगा शेठकडे येऊन आगपाखड करून गेला. "बापाच्या मयतावर गिरणी वाजवता? आमची इज्जत घालवली तुमी." शेठने मला समोर उभं करून सांगितलं की तेरावं झालं की लाइव्हवर माफी मागायची. थोरला सोफ्यावर शेजारी बसेल, म्हणजे गावाला दिसेल की मिटलं. नाही मागितली तर कार्यक्रम बंद, तुकडाबिकडाही बंद.

लोकांना समजतच नव्हतं की मी आतून किती खूश होते. इतकी वर्षं मी वाजवत होते, आणि पहिल्यांदा माझं काम ऐकून माणसं घरातून उठली होती. टाळ्या वाजवायला नाही, गोणी घेऊन. ज्यांना फुकटची खेप पडली त्यांचं मला वाईट वाटलं, अगदी मनापासून. त्यांची मी माफी मागितली असती, दारोदार जाऊन. पण गिरणी लावली म्हणून? काकांना त्यांच्या गिरणीच्या आवाजात निरोप दिला म्हणून? ते मला जमण्यातलं नव्हतं. आई म्हणाली, "दोन शब्द बोलायला तुझं काय जातं गं?" माझं सगळंच जात होतं. एकदा कॅमेऱ्यासमोर चुकले म्हटलं असतं की मग पुन्हा कुठल्या तोंडाने मी पाइपाला कान लावणार होते?

तरी त्या संध्याकाळी मी गेले. काय बोलायचं ते ठरवलं नव्हतं, काय बोलायचं नाही तेवढं ठरवलं होतं. थोरला डोक्यावर टोपी घालून सोफ्यावर बसला. शेठने त्याच्या शर्टाला माइक लावला, स्वतः कॅमेऱ्यामागे उभे राहिले आणि लाइव्ह सुरू झालं. मी नमस्कार म्हटलं, झालेला घोळ सांगितला. पुढचं वाक्य येणार तेवढ्यात फोन वाजला. फोन स्पीकरवरच असायचा, सगळ्यांना ऐकू जायचा.

"मी वाडीवरनं बोलते," पलीकडून बाई म्हणाली. "भात डोक्यावर आनला तो तसाच वर न्येला मी."

"मावशी, तेच बोलायला बसलेय," मी म्हटलं.

"तुजं बोलनं ऱ्हाऊ दे गं. गिरनी कवा चालू करतात त्येवढं इचार."

"त्यांचा मुलगा इथंच बसलाय. तुम्हीच विचारा."

"कवा रं बाबा? तेरावं झालं ना?"

थोरल्याने माझ्याकडे पाहिलं, मग शेठकडे. तो काही वाईट माणूस नव्हता. शाळेत माझ्या पुढे एक वर्ष होता, बापाला दवाखान्यात त्यानेच उचलून नेलं होतं. पण लाइव्हच्या लाल दिव्यासमोर माणसाला खोटं चटकन सुचत नाही, हे मी इतक्या वर्षांत पाहिलेलं आहे.

"गिरनी नाय चालू व्हायची, मावशी," तो म्हणाला. "जागा दिली. बंगल्याच्या स्कीमला."

"दिली म्हंजी? इकली?"

"हां."

"कवा?"

मी मधे पडले नाही. मी पडायला हवं होतं असं पुढे बऱ्याच जणांनी सुनावलं, पण मला तसं वाटत नाही.

"बाबा दवाखान्यात होते, तवा," तो म्हणाला.

फोन ठेवल्याचा आवाज आला. तेव्हा मला कळलं की त्याला माझी माफी इतकी का हवी होती. गिरणीचा आवाज ऐकून लोक जमले की लोक विचारणार, आणि लोकांनी विचारलं की घरात कळणार. मी चुकले म्हटलं की विषय तिथंच मिटला असता. माझा राग तिथल्या तिथे बदलला. कमी झाला असं नाही म्हणणार.

फोन पुन्हा वाजला. ह्या वेळी आवाज मी ओळखला. त्या घरात मी किती वेळा चहा प्यायले होते.

"तो हाय का तितं?" काकींनी विचारलं.

"आहे, काकी."

"त्याला म्हनावं, घरी ये."

थोरला उठला. शर्टाला लावलेला माइक तसाच होता, वायर ताणली गेली आणि फुलदाणी आडवी झाली. तो जिना उतरताना त्याच्या चपलांचा आवाज माइकमधून सगळ्या तालुक्याने ऐकला, मग वायर निघाली.

लाल दिवा चालूच होता. सोफ्यावर मी एकटी. शेठ कॅमेऱ्यामागून दोन्ही हात जोडून खुणा करत होते, माग, माग, मागून टाक एकदाची. दुसऱ्या दिवशी त्यांनी कार्यक्रम बंद केला तो कायमचा, आणि तो बंद होणार हे मला त्याच वेळी दिसत होतं. मी त्यांच्याकडे बघून, लाइव्हवरच, नेहमीच्या आवाजात विचारलं, "शेठ, आता कुणाची मागू?"