अज्ञात वाहन

पुस्तक हातात आलं की ते मधलंच कुठलं तरी पान उघडायचे, उभ्या-उभ्या चार ओळी वाचायचे आणि मला विचारायचे, "हे कोनासाठी लिवलं आहे, मॅडम?"

पहिल्यांदा विचारलं तेव्हा मी म्हटलं, सगळ्यांसाठी. त्यांनी मान हलवली. "सगळ्यायसाठी नसते," म्हणाले, आणि तरी ते पुस्तक नोंदवून घेऊन गेले.

अमरावतीला राजापेठेच्या अलीकडे, एका दवाखान्याच्या वरच्या मजल्यावर आमचं वाचनालय आहे. मी तिथे बावीस वर्षं ग्रंथपाल आहे. तिसरं कपाट व्यक्तिमत्त्व विकासाचं. त्या कपाटाला कुलूप लावायची वेळच येत नाही. स्पर्धा परीक्षांची पोरंपोरी, नोकरी गेलेले, नापास झालेले, लग्न मोडलेले, सगळे त्याच्यापाशी येतात. तुमच्या गावातल्या वाचनालयातही असं एक कपाट असेल आणि त्याच्यापुढे असं एखादं माणूस तुम्ही पाहिलं असेल. पण हे गृहस्थ पंचावन्नच्या पुढचे होते. चारचाकी गाड्यांच्या सीट कव्हरच्या दुकानात शिवणकाम करायचे. अंगात पांढरा सदरा आणि त्यावर कायम रेग्झिनचे बारीक कण. खुर्ची दिली तरी बसायचे नाहीत. पुस्तक उघडं धरून दोन कपाटांच्या मधल्या बोळात फेऱ्या मारायचे. अभ्यासाला बसलेल्या पोरी वैतागायच्या. मी एकदा बसा म्हटलं तर म्हणाले, "बसलं का वाचल्यासारखं वाटत नाई."

बाकीचे वाचक पुस्तक वाचतात. हे पुस्तकात सांगितलेलं करून पाहायचे. एका पुस्तकात लिहिलं होतं, थंड पाण्यानं आंघोळ करा, मन खंबीर होतं. त्यांनी जानेवारीत सुरुवात केली आणि पाचव्या दिवशी तापानं पडले. दुसऱ्या एका पुस्तकानं आरशात पाहून 'मी समर्थ आहे' असं म्हणायला सांगितलं होतं. दुकानात दुरुस्तीला आलेल्या गाडीच्या बाजूच्या आरशात वाकून ते तसं म्हणत होते, तेव्हा मागे गाडीचा मालक उभा होता. "त्यानं गाडीच परत नेली," त्यांनी मला गंभीरपणे सांगितलं. मी हसले. ते हसले नाहीत. रोज झोपायच्या आधी दिवसातल्या तीन चांगल्या गोष्टी लिहायच्या, हेही त्यांनी दोन महिने केलं. दोन गोष्टी सापडतात, तिसरी सापडत नाही, अशी त्यांची तक्रार होती.

एक खोड मात्र मला चालण्यासारखी नव्हती. ते पुस्तकात पेन्सिलीनं लिहायचे. परत आलेलं पुस्तक चाळताना समासात बारीक अक्षर दिसायचं. 'हे केलं.' 'हे जमलं नाई.' 'हे श्रीमंताचं काम.' मी दोनदा ताकीद दिली. तिसऱ्यांदा खोडरबर घेऊन स्वतःच पुसायला बसले आणि एका पानावर थांबले. छापलेली ओळ होती, 'स्वतःला क्षमा करा.' शेजारी त्यांनी लिहिलं होतं, 'कोनाले विचारून?'

त्यावर मी त्यांना काही विचारलं नाही. विचारावं असं रोज वाटायचं आणि ते समोर आले की राहून जायचं.

मग एका उन्हाळ्यात आमच्याकडे एक नवं पुस्तक आलं. वऱ्हाडातल्या बायकांच्या जिद्दीच्या गोष्टी, इथल्याच एका बाईंनी लिहिलेल्या. मी ते मुद्दाम त्यांना दाखवलं. हे तरी आपल्या भागातलं आहे, असं मी म्हटलं. त्यांनी मधलं पान उघडलं, चार ओळी वाचल्या, आणि नेहमीचा प्रश्न विचारला नाही. पुस्तक घेऊन तसेच जिना उतरले. रजिस्टरमध्ये सही करायची राहिली.

पंधरा दिवस ते फिरकले नाहीत. आले तेव्हा दुपार होती, वीज गेली होती, उकाड्यानं पोरंही घरी गेली होती. पुस्तक माझ्या टेबलावर ठेवून त्यांनी एका पानावर बोट टेकवलं. ती अकोल्याच्या एका मुलीची गोष्ट होती. अठराव्या वर्षी पोलीस भरतीची तयारी करायची. पहाटे बाळापूर रोडवर पळत असताना एका अज्ञात वाहनानं तिला धडक दिली. डावा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. ती खचली नाही, कृत्रिम पाय लावून शिकली, आणि आता अकोल्यात एका मैदानावर मुलींना भरतीसाठी तयार करते.

"अज्ञात काहून?" ते म्हणाले. "मी तं आहो ना."

मला आधी कळलंच नाही. मग त्यांनी सगळं सांगितलं, माझ्याकडे न पाहता, खिडकीपासून दारापर्यंत फेऱ्या मारत. अकरा वर्षांपूर्वी ते बाळापूरकडून अकोल्याच्या बाजारात भाजीची पिकप आणायचे. त्या दिवशी फोन वाजला. तो सीटखाली पडला होता, म्हणून वाकले. धक्का बसला तेव्हा त्यांना वाटलं, जनावर असेल. गाडी थांबवली आणि आरशात पाहिलं.

"तिचा हात हालत होता," ते म्हणाले. "जित्ती आहे, हे मले दिसलं. आन मी गेअर टाकला."

तिला कुणी उचललं, कुठे नेलं, हे त्यांना दुसऱ्या दिवशीच्या पेपरात समजलं. डोळ्यांना नीट दिसत नाही असं सांगून त्यांनी गाडी मालकाला परत केली, बायकोला घेऊन अमरावतीला आले, आणि त्यानंतर गाडी चालवली नाही. उभ्या गाड्यांचं काम धरलं. बायकोला काही माहीत नव्हतं. तिसऱ्या कपाटातली पुस्तकं त्यांनी एकामागून एक वाचली, आणि सगळ्या पुस्तकांत त्यांना एकच गोष्ट खटकली. "यात सगळे पडलेले लोक आहेत," ते म्हणाले. "पाडनारा कोनीच नाई. त्यानं काय करावं, हे कोनी लिवलं नाई."

मग त्यांनी मला त्या मुलीचा पत्ता मिळवून द्यायला सांगितलं. लेखिकेला फोन करून तो मला सहज मिळाला असता.

मी तेव्हा जे बोलले ते आठवलं की अजून माझी कानशिलं तापतात. मी म्हटलं, तिचं आता चांगलं चाललंय, जुनं उकरून काढून तिला त्रासच होईल, झालं ते झालं, तुम्ही पुढे बघा. ते थांबले. माझ्याकडे नीट पाहिलं.

"हे तं तिसऱ्या कपाटातलंच झालं, मॅडम."

त्यानंतरचे आठ दिवस मला कशात लक्ष लागेना. पोलिसांना सांगावं का, घरी सांगावं का, की काही ऐकलंच नाही असं वागावं? पुस्तकांवर क्रमांक टाकताना चुका व्हायला लागल्या. नवव्या दिवशी मी लेखिकेला फोन केला. आणि पत्ता देताना, का कोण जाणे, मीही येते म्हणून बसले.

बडनेऱ्याहून आम्ही दुपारची गाडी धरली. डब्यात जागा होती तरी ते दारात उभे राहिले. मूर्तिजापूरला गाडी थांबली तसे खाली उतरले आणि प्लॅटफॉर्मवर पार टोकापर्यंत चालत गेले. मला वाटलं, हे आता येत नाहीत, आणि खरं सांगायचं तर मला बरंही वाटलं. गाडी हलली तेव्हा ते पळत येऊन मागच्या डब्यात चढले.

अकोल्यात मैदानावर पोहोचलो तेव्हा ऊन उतरलं होतं. वीसेक मुली गोल धावत होत्या. ती मधे उभी होती, गळ्यात शिट्टी, अंगात ट्रॅकसूट. चालताना थोडी लंगडायची, एवढंच. आम्हाला पाहून तिला वाटलं, मुलीचं नाव घालायला आलेत. तिनं वही उघडली आणि वय विचारलं.

"पोरगी नाई आनली," ते म्हणाले. "बाळापूर रोडवरची ती पिकप माही होती."

तिला अर्थ लागायला वेळ लागला. त्यांनी पुन्हा सांगितलं. मोरीच्या पुढचं वळण सांगितलं, तिच्या मनगटाला बांधलेला लाल रुमाल सांगितला. तिनं वही मिटली. रडली नाही, ओरडली नाही. मला वाटलं, ती आता मुलींना बोलावेल. तिनं फक्त विचारलं, "गाडी थांबली होती का?"

"थांबली होती."

"नक्की?"

"हो. थांबली. मी आरशात पाह्यलं तुमाले. मंग गेलो."

ती माझ्याकडे वळली. हे ती त्यांना नाही, मला सांगत होती. दवाखान्यात शुद्धीवर आल्यापासून ती सगळ्यांना सांगत होती की गाडी थांबली होती, इंजिनाचा आवाज जागेवरच येत होता. पोलिसांना सांगितलं, डॉक्टरला सांगितलं, आईला सांगितलं. सगळे म्हणायचे, तू बेशुद्ध होतीस, तुला भास झाला. गाडी थांबली असती तर कोणी उतरलं नसतं का? पुस्तक लिहिणाऱ्या बाईंनाही तिनं ते सांगितलं होतं. त्यांनी गाळलं.

"मलेही मंग वाटाले लागलं, आपलंच डोकं फिरलं," ती म्हणाली. "अकरा वर्षं."

मुली धावायच्या थांबून आमच्याकडे पाहत होत्या. तिनं शिट्टी तोंडाला लावली. पहिल्यांदा नुसती हवाच आली. दुसऱ्यांदा वाजली. अजून दोन राउंड, असं तिनं हातानं दाखवलं. मग त्यांच्याकडे पाहून म्हणाली, "माफी मागाले आले असान, तर मी देत नाही."

"मागाले नाई आलो. सांगाले आलो."

"मंग पोलिसात सांगा."

"सांगतो."

"आन इथं ग्राउंडवर पुन्हा येऊ नका."

"नाई येत."

एवढंच बोलणं झालं. 

दुसऱ्याच दिवशी ते ठाण्यात गेले. जबाब नोंदवला गेला. ती फाइल केव्हाच बंद झालेली होती, ती शोधण्यातच बरेच दिवस गेले. त्यांना तीन-चारदा बोलावलं, बाकावर बसवून ठेवलं आणि परत पाठवलं. शेवटी एका वकिलानं सांगितलं की इतक्या वर्षांनी यात फारसं काही होईल असं दिसत नाही, तुम्ही निवांत घरी जा. हे ऐकलं की कुणालाही सुटल्यासारखं वाटेल. ते त्या दिवशी वाचनालयात आले तेव्हा त्यांचा चेहरा उतरला होता.

"कोनी धरतच नाई, मॅडम," ते म्हणाले. "धरलं असतं, तं जाऊन बसलो असतो. आता बसू कुठं?"

यावर देण्यासारखं पुस्तक माझ्याकडे नव्हतं. मी चहा मागवला. त्यांनी तो घेतला, बायकोला सगळं सांगितल्याचं सांगितलं, आणि ती महिनाभर बोलली नाही, कालपासून स्वयंपाकापुरतं बोलते आहे, हेही सांगितलं. जाताना घरी असलेली सगळी पुस्तकं परत केली, पुन्हा नेलेलं ते जिद्दीच्या गोष्टींचंही. ते त्यांचं शेवटचं येणं. ती पुस्तकं मी संध्याकाळी चाळली. त्या मुलीच्या गोष्टीत 'अज्ञात' या शब्दावर पेन्सिलीची रेघ मारलेली होती, आणि वर त्यांचं नाव होतं, वडिलांच्या नावासकट, पूर्ण. ते नाव मी इथे लिहीत नाही. ते त्यांनी जिथे लिहायचं तिथे लिहिलं.

महिन्याभरानं मी दुकानात चौकशी केली. नवरा-बायको अंजनगाव सुर्जीला लेकीकडे राहायला गेले, असं कळलं. फोन नंबर बदलला होता.

यंदा आमच्या वाचनालयाच्या वर्धापनदिनाला समितीनं त्याच मुलीला बोलायला बोलावलं. नाव मी सुचवलं नव्हतं. ती आली, चाळीस मिनिटं छान बोलली, पोरी टाळ्या वाजवत होत्या. बोलता बोलता अपघातापाशी आल्यावर ती म्हणाली, "गाडी थांबली. मग गेली." आणि पुढची गोष्ट सांगायला लागली.

कार्यक्रम संपल्यावर ती एकटीच कपाटांमधून फिरली. माझ्यापाशी येऊन तिनं विचारलं, "ते येतात का अजून?"

मी सांगितलं, तुम्हाला भेटल्यावर एकदाच आले, मग गाव सोडून गेले.

 ती म्हणाली, "मी त्यायले ग्राउंडवर येऊ नका म्हटलं होतं. इथं येऊ नका, असं नव्हतं म्हटलं."

कुठल्या गावी गेले, ते तिनं विचारलं. मी चिठ्ठीवर लिहून दिलं. तिनं ती वाचली, घडी घालून पर्समध्ये ठेवली, आणि कठड्याला धरून एकेक पायरी जिना उतरली. मी वरून पाहत राहिले. खाली गाडीवर बसल्यावर तिनं पर्स पुन्हा उघडली, चिठ्ठी आहे ना ते पाहिलं, आणि मग गाडी सुरू केली.