मेल्यावरचं हसू

आज अंधेरीच्या सेटवर गळ्यात झेंडूचा हार पडला आणि त्या ओल्या, उग्र वासासरशी मी थेट माझ्या पहिल्या मरणात जाऊन पोचले. तेव्हा मी होते बत्तीस वर्षांची आणि प्रेत होतं सत्तरीच्या सासूचं. केसांत एवढी पांढरी पावडर, की अख्खी दिंडोशी महिनाभर कॅरम खेळली असती!

कॅमेऱ्यासमोरचं ते माझं पहिलंच काम. "हललीस तर उद्यापासून घरी," दिग्दर्शकाने दम दिला होता. मालिकेतला माझा मुलगा, चांगला नव्वद किलोचा, छातीवर कोसळून रडू लागला. त्यात मागे कुणीतरी बोंबील तळत होतं.

"आई, बोल ना गं!" मुलगा ओरडला, आणि माझं पोट म्हशीसारखं रेकलं. पापणी मात्र हलू दिली नाही.

शॉट संपताच मेकअपवाल्या शांताताई धावल्या. "ए बाय, कॅमेऱ्यात बघून हस आधी! प्रेताचं काम केलं की हसायचं असतं, नायतर अपशकुन!"

मी हसले. दाबून ठेवलेलं सगळंच हसले. छपरावरची कबुतरं उडाली ती बोरिवलीला जाऊन बसली.

"हिला मारली कोणी रे?" दिग्दर्शक ओरडला. "पावडर धुवा, उद्यापासून शेजारीण करा!"

तेव्हापासून शेजारणी, मावश्या, आज्या करत इतक्यांदा मेलेय, की यम ओळख दाखवतो. आता पावडर लागत नाही, एवढंच.

"आजी, शॉट ओके. आता हसा ना," आजची दिग्दर्शिका म्हणाली.

"हसते गं, आधी कबुतरांना सांग."