लाल खार, बडीशेपेची डबी आणि आमचे हे

कानातली मशिनं घरीच राहणार, असं ह्यांनी आदल्या दिवशीच जाहीर करून टाकलं होतं. मी वाद घातला नाही. सकाळी धपाटे बांधताना ती मशिनं हळूच उचलली, बडीशेपेची रिकामी डबी पुसून तिच्यात ठेवली आणि डबी पर्सच्या तळाशी ढकलली. आमच्या यॉर्कशर डेल्सच्या, म्हणजे उत्तर इंग्लंडातल्या दऱ्याखोऱ्यांच्या, सहलीची सुरुवात ही अशी चोरीछुपी झाली.

ही सहल म्हणजे आमच्या लेकीची, मुग्धाची, आम्हाला लग्नाच्या वाढदिवसाची भेट. ती लंडनजवळ वॉटफर्डला असते, आम्ही लीड्सला. एका दिवसाची गाइडेड ट्रिप होती: सकाळी लीड्स स्टेशनजवळून मिनिबस निघते, डेल्समध्ये फिरवते, वाटेत रानससे आणि पक्षी दाखवते आणि शेवटी हॉज गावाजवळच्या एका जंगलात लाल खारी बघायला नेते. संध्याकाळच्या जेवणाला घरी परत. माणशी सत्तरेक पौंड पडतात, जेवण आपापलं. तुमच्यापैकी बरेच जण विचारत असता की गाडी न चालवता डेल्स बघता येतं का, तर हो, असं येतं.

मुग्धानं खारीच का निवडल्या, तर ह्यांचं आणि आमच्या बागेतल्या राखाडी खारींचं हाडवैर आहे. ट्यूलिपचे कंद उकरून खातात मेल्या. इथे मूळच्या खारी लाल, राखाडी ह्या नंतर बाहेरून आणलेल्या. त्यांनी लालींना जवळजवळ सगळीकडून हुसकावून लावलं. लाल खार एकदा डोळ्यांनी बघायची, असं हे कित्येक वर्षं म्हणत होते.

आता कानांचं सांगते, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही. दोनेक वर्षांपासून ह्यांना कमी ऐकू येतं. हॉस्पिटलातून मशिनं मिळाली, चांगली मिळाली. ह्यांनी आठवडाभर घातली आणि म्हणाले, नळ सोडला तरी धबधबा वाटतो, पातेली आपटतेस का मुद्दाम? मशिनं खणात गेली. मग हळूहळू सगळंच खणात गेलं. मराठी मंडळात जाणं बंद. शेजाऱ्यांशी कुंपणावरून गप्पा बंद. मुग्धाचा रविवारचा फोन आला की "तूच बोल, काय म्हणाली ते मला नंतर सांग" म्हणून वर निघून जातात. इकडे ती विचारते, "आई, बाबांनी मशीन घातलं का? माझ्याशी का नाही बोलत?" दोन्हीकडचे निरोप पोचवून पोचवून मी टेलिफोन एक्स्चेंज झाले होते. मला खारींचं एवढं काही नव्हतं. मला माझा बोलणारा नवरा परत हवा होता, आणि त्या डबीत तोच घालून नेत होते म्हणा.

आमच्या मिनिबसमध्ये आम्ही धरून पाच प्रवासी होतो. हॅरोगेटहून आलेलं एक निवृत्त जोडपं, आणि एक तरुण, ज्याच्या कॅमेऱ्याची लेन्स आमच्या प्रेशर कुकरएवढी होती. गाइडचं नाव जिल. पन्नाशीची, टणक, उन्हानं लाल झालेली, गाडीही तीच चालवत होती. तिनं नावं वाचली आणि ह्यांना विचारलं, विनायक म्हणू की काही छोटं? हे नुसतेच हसले, म्हणून मी सांगितलं, विन म्हणा. अख्खं लीड्स ह्यांना विन म्हणतं. पोस्टमन म्हणतो, डेंटिस्टची रिसेप्शनिस्ट म्हणते. एक मीच काही म्हणत नाही. लग्न झालं तेव्हापासून "अहो"वर भागलंय. आता "अहो" पोचतच नाही, तर दंडाला हात लावून बोलवावं लागतं.

स्किप्टनपर्यंत रस्ता साधा, गाड्यांनी भरलेला. सेटल ओलांडलं की मग खरं डेल्स लागतं. हिरवे उतार, त्यांच्यावर चुना-सिमेंटाशिवाय नुसत्या दगडावर दगड रचलेल्या भिंती, आणि कोकरं. मे महिना असल्यामुळे कोकरं नुकती उड्या मारायला शिकलेली. रिबलहेडला रेल्वेचा तो प्रसिद्ध चोवीस कमानींचा पूल आहे, तिथे पहिला थांबा. वारा असला की उभं राहू देत नाही, तेव्हा मफलर न्या, मे असो की जून. टॉयलेट पुढे हॉजलाच आहे. सुटी नाणी जवळ ठेवा.

जिलनं इथेच दोन रानससे दाखवले. आपल्याला ससा म्हटलं की गुबगुबीत वाटतो. हे लांब तंगड्यांचे, शेतात मातीच्या ढेकळासारखे दबून बसलेले, आणि उठले की भिंतीपलीकडे गेलेसुद्धा. इथली टिटवीही दिसली, डोक्यावर मागे वळलेला तुरा असतो तिला. मग माळावरून एक लांब, वर वर चढत जाणारा आवाज आला. जिल म्हणाली, कर्ल्यू. लांब वाकड्या चोचीचा पक्षी, आता कमी होत चाललाय. सगळे थांबून ऐकत होते. हॅरोगेटच्या बाईंनी तर डोळे मिटले. हे मात्र पुलाकडे बघत मला मोठ्यानं म्हणाले, "गाडी येईल का गं एखादी एवढ्यात?"

मला त्या क्षणी रडू यायला लागलं, खरं सांगते. पूर्वी आम्ही मुग्धाला घेऊन ह्या बाजूला यायचो, तेव्हा हेच तिला हा आवाज ओळखायला शिकवायचे. पर्समध्ये हात घालून डबी चाचपली आणि परत झिप लावली.

जेवण तिथेच, गाडीच्या आडोशाला. मेथीचे धपाटे, लसणाची चटणी आणि हॉजला पोचल्यावर घेऊ म्हणून ठरवलेलं चीज नंतर. जिलनं आधीच बजावलं होतं की खारींच्या जंगलात वास येणारं काही न्यायचं नाही, कुरकुरीत तर नाहीच. माझा चिवड्याचा डबा तिनं हसत हसत ड्रायव्हरच्या सीटखाली कुलूपबंद केला. तुम्ही जाल तेव्हा अत्तर लावू नका आणि सळसळणारा रेनकोट घालू नका. माझा कोट चालताना पापड मोडल्यासारखा वाजत होता, तो मला गाडीत काढून ठेवावा लागला आणि मी आत थंडीनं कुडकुडले.

हॉजला अर्धा तास मिळतो. चीज चाखायला फुकट मिळतं, ह्यांनी तीन दुकानांत चाखलं आणि एका दुकानात घेतलं. गाव छान आहे, गर्दी आहे, चहा ठीक.

तिथून पुढे जंगल. वीसेक मिनिटांची चाल आहे, वाट चिखलाची, चांगले बूट हवेत. शेवटी झाडीत लाकडी खोली लागते. तिला हाइड म्हणतात. आत दोन रांगांत बाकडी आणि समोर लांबट फट. बाहेर जुन्या भिंतीवर जिलनं मूठभर हेझलनट ठेवले आणि आम्हाला आत बसवलं. कुजबुजत्या आवाजात तिनं सांगितलं की खार उजवीकडच्या झाडावरून उतरेल, कुणी हलू नका, बोलू नका. आता कुजबूज ह्यांना कुठली पोचणार? तिचे ओठ हलले एवढंच ह्यांना दिसलं.

बराच वेळ काही नाही. मग कॅमेऱ्यावाल्यानं हळूच लेन्स वळवली. खोडावरून काहीतरी तांबूस खाली सरकत होतं. मी ह्यांच्या दंडाला हात लावला.

"काय? कुठाय?" हे म्हणाले. म्हणाले म्हणजे, जसे घरात जिन्याखालून वरच्या मजल्यावर विचारतात तसे.

तांबूस काही राहिलं नाही. फांदी हलत राहिली तेवढी. इंग्रज माणूस चिडला की जास्तच सभ्य होतो. हॅरोगेटच्या गृहस्थांनी छताकडे बघितलं. कॅमेऱ्यावाला म्हणाला, नो वरीज, मेट, आणि त्यानं इतका लांब श्वास सोडला की मला भुईनं पोटात घ्यावं असं झालं. ह्यांनी सगळ्यांच्या तोंडाकडे एकेक करून बघितलं. शब्द ऐकू आले नसतील, पण चेहरे वाचता येतात. उठले आणि बाहेर गेले.

मी मागोमाग गेले. भिंतीला टेकून उभे होते, पाठ माझ्याकडे. मी मनात भाषण तयार केलं होतं, दोन वर्षांचं साठलेलं. मी समोर जाऊन तोंड उघडणार, तेवढ्यात ह्यांनी हात पुढे केला.

"आण," म्हणाले. "डबी."

"कसली डबी?"

"सकाळी खण उघडलेला दिसला मला, आणि तू डबी पुसतानाही दिसलीस. कान गेलेत, डोळे नाही." मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "माझ्यामुळे पळाली ना ती?"

खोटं बोलावंसं वाटलं, पण मी मान हलवली.

"तुमचं सगळ्यांचं बोलणं तुटक तुटक येतं. मग मी आपला हसतो. कुठे हसायचं तेही चुकतं हल्ली. म्हणून मुग्धाशीही नको वाटतं. तिला वाटेल, बाबा बावळट झाला."

ही गोष्ट दोन वर्षांत मला सांगितली नव्हती. मी नळ आणि पातेलीच धरून बसले होते. मी डबी काढून दिली. एका कानातलं ह्यांनी घातलं, दुसऱ्या कानातलं मी घातलं. सकाळी इतकी पुसली होती, तरी बडीशेपेचा घमघमाट. हे म्हणाले, मुखवास कानात घालायची पद्धत नवीन आहे. मला हसू आलं आणि लगेच ह्यांनी कपाळाला आठी घातली. माझं हसणं मोठं वाटलं असणार.

आत परत जाऊन बसलो. ह्यांना पुढच्या बाकावर जागा दिली जिलनं, मी मागे. आता आली नाही खार तर त्याचं ओझं ह्या माणसाच्या डोक्यावर आयुष्यभर राहणार, ह्या धास्तीनं मी फटीतून डोळे फाडून बघत होते. कर्ल्यू परत ओरडला कुठेतरी वर. ह्यांची मान किंचित तिरकी झाली. मला वाटलं, ऐकू आलं का? की मान अवघडली? विचारणार कसं? हात लावायला मी लांब होते, आणि "अहो" म्हणाले तर हॅरोगेटच्या बाई वळून बघतील, हे नाही.

मग मी ते केलं. अगदी ओठातल्या ओठात, स्वतःला जेमतेम ऐकू येईल असं म्हटलं, "विनायक."

हे वळले नाहीत. म्हणजे नाहीच पोचलं. आणि मग ह्यांचा उजवा हात वर आला आणि एक बोट ओठांवर गेलं. गप्प, असं. त्याच हातानं मग ह्यांनी भिंतीकडे दाखवलं. भिंतीच्या पलीकडून नख्यांची खरखर येत होती, ती आमच्यात पहिल्यांदा ह्यांनाच ऐकू आली होती. दोन क्षणांनी भिंतीवर लाल खार चढली.

काय देखणी असते हो. वीटकरी तांबडी, पोट पांढरं, आणि कानांवर केसांचे झुबके उभे. हेझलनट दोन्ही हातांत धरून फिरवून फिरवून कुरतडत होती, जिल म्हणाली होती तशी, आमची पर्वा न करता. दुसरी आली, दोघींची झटापट झाली, पहिली निघून गेली. कॅमेऱ्यावाल्यानं किती फोटो काढले देव जाणे. परतताना त्यानं ह्यांच्या खांद्यावर थाप मारली, आणि चिखलाच्या वाटेनं दोघं लेन्सबद्दल बोलत पुढे गेले. हे प्रश्न विचारत होते, उत्तरं ऐकून पुढचे प्रश्न विचारत होते. मी मुद्दाम मागे राहिले.

मिनिबसमध्ये चिवडा सुटला तेव्हा तो सगळ्यांत वाटला. स्किप्टनजवळ ट्रॅफिक लागला. हे खिडकीबाहेर बघत हळूच म्हणाले, "नाव घेतलंस."

"कोणाला कळलंय इथे."

"मला कळलं," म्हणाले.

तर, जावं का? जरूर जा. एप्रिल-मे उत्तम, कोकरं आणि पक्षी दोन्ही मिळतात. खार दिसेलच अशी हमी कुणी देत नाही, जिलही देत नव्हती. गुडघे दुखत असतील तर त्या वीस मिनिटांचा आधी विचार करा. मशिनं हे रोज घालतात असं मी म्हणणार नाही. मिक्सर लागला की काढतात, मंडळात अजून गेलेले नाहीत. डबी आता टेबलावर असते, आणि बडीशेपेला मला नवी घ्यावी लागली.

त्या संध्याकाळी घरी आल्यावर मी डबे घासत होते आणि फोन वाजला. मुग्धाच असणार, सहल कशी झाली विचारायला. सवयीनं हात पुसून निघाले तर रिंग थांबलेली. बाहेरच्या खोलीतून ह्यांचा आवाज आला, खारीचं वर्णन चाललं होतं, कानांच्या झुबक्यांसकट. मी परत सिंकपाशी येऊन उभी राहिले आणि डोळे पदर नव्हता म्हणून टी-टॉवेलला पुसले. तेवढ्यात दाराशी लक्ष गेलं. चिखलानं बरबटलेले बूट नेहमीसारखे कार्पेटवर. दोन वर्षं मी ह्या घरात मनातलं सगळं तोंडानं बोलत आले होते, ऐकणारं कोणी नव्हतं. तशीच पुटपुटले, शंभरदा सांगितलं तरी बूट बाहेर काढायचं कळत नाही ह्या माणसाला.

बाहेर बोलणं थांबलं.

"एक मिनिट हं, मुग्धा," हे म्हणाले. "तुझी आई मला काहीतरी म्हणतेय."