साडूंनी मोजलेला समुद्र

समुद्रावर दावा लावता येत नाही, एवढी एकच उणीव आमच्या थोरल्या साडूंना देशाच्या कायद्यात दिसते. बाकी सगळ्यांवर त्यांचे दावे लावून झाले आहेत. हुपरीत तीस वर्षं वाकून चांदीचे पैंजण घडवलेल्या या गृहस्थाने कुणालाही न विचारता कोकणात थेट वाळूवर दोन खोल्या बांधल्या. कारण एकच. भट्टीच्या धुराने आक्कांची, म्हणजे माझ्या मेहुणीची, छाती भरलेली, आणि समुद्राच्या वाऱ्यात त्यांना खोकला येत नाही. परवानगीचा विषय मी काढला तेव्हा साडू म्हणाले, "पावणं, जागा माझी, चिरा माझा, खोकला आमच्या हिचा. परवानगी कुणाची?" प्रश्न बिनतोड होता. उत्तर सरकारने नोटिशीतून दिलं: बांधकाम भरतीरेषेला फार जवळ, अनधिकृत, पाडून टाका.

दुसरा माणूस घाबरला असता. साडूंनी नोटीस प्लास्टिकच्या पिशवीत घालून लग्नपत्रिकेसारखी पैपावण्यांत फिरवली. वकील तीन झाले. पहिल्याला यांनी कायदा समजावला म्हणून तो गेला. दुसऱ्याने यांना समजावला म्हणून यांनी त्याला घालवला. तिसरा कमी बोलायचा, तो टिकला. कोल्हापुरात हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं तेव्हा वकिलांच्या खालोखाल आनंद यांना झाला. "आता सकाळच्या एसटीनं जायाचं, निकाल घ्यायचा, जेवायला घरात!"

याचिकेसाठी घरापासून पाण्यापर्यंतचं अंतर जास्त आहे हे दाखवणं भाग होतं. सरकारकडे नकाशा होता; साडूंकडे टेप होती, आणि साक्षीदार म्हणून मी. बाजारातून आणलेली भाजी मी घरी पुन्हा तोलतो, ही माझी पाहुण्यांत ख्याती. आम्ही पोहोचलो तेव्हा पाणी पार लांब गेलेलं. साडूंनी टेपचं टोक माझ्या हातात देऊन मला उंबऱ्यावर उभं केलं आणि ते ओल्या वाळूतून चालत सुटले.

"अण्णा, ओहोटी आहे," मी ओरडलो. "पाणी परत येणार!"

"न्हाय येत! पंचगंगा उतरली की पुढच्या पावसाळ्यापतुर येती का? ह्येबी पाणीच की!"

घर बांधताना ते कायम समुद्राकडे पाठ करून गवंड्यावर ओरडत आणि त्याच दिवशी परतत. समुद्राकडे बघायचं काम त्यांनी आक्कांवर सोपवलं होतं.

आकडा फारच भव्य आला. मी तो कागदावर लिहिला, आणि सवयीने खाली तारीख, वेळ आणि 'मोजणी ओहोटीच्या वेळी' असं लिहून सही केली. साडूंनी आकड्याखाली वाचलं नाही. वकिलांनी बहुधा आकडाही वाचला नाही. सरकारी वकिलांनी मात्र फक्त शेवटची ओळ वाचली, तीही मोठ्याने. न्यायमूर्तींनी आमच्या वकिलांकडे पाहिलं, वकिलांनी साडूंकडे, साडूंनी माझ्याकडे आणि मी पंख्याकडे. याचिका फेटाळली गेली. घर स्वतः उतरवायला मुदत मिळाली.

बाहेर आल्यावर शिव्या खायची माझी तयारी होती. साडूंनी मला समोरच्या चहाच्या टपरीवर नेलं.

"पावणं, दिवसातनं दोनदा येतंय व्हय पाणी? रोज?"

"रोज."

"मग खरंच लिवलंय की तुम्ही," ते म्हणाले, आणि माझ्या चहाचे पैसे त्यांनीच दिले.

पाडायच्या दिवशी मीही गेलो. यंत्र दाराशी आलं तरी आक्का ओट्यावर बसूनच होत्या, तोंड समुद्राकडे. जन्मभर प्रत्येकाला घाई लावणारे साडू ड्रायव्हरला हळूच म्हणाले, "थांब जरा. वारा घेत्यात त्या."

काम दोन तासांत उरकलं. हिशेब मी केला: तासाला बाराशेप्रमाणे चोवीसशे. साडूंनी तो प्रथमच चूक ठरवला. यंत्र नुसतं उभं होतं तोही तास त्यांनी धरला, आणि तीन तासांचे छत्तीसशे रुपये, रोख, जेसीबीच्या ड्रायव्हरच्या हातात ठेवले.